थेट प्रक्षेपणाचे स्क्रीन रेकॉर्डिंग का अडखळते? मूळ व्हिडिओचा फ्रेम रेट शोधण्याची रीत

जानेवारीत श्री सिद्धेश्वर यात्रेचे दिवस आले की सोलापुरातल्या अनेक घरांत एक जादा काम निघते. संमती कट्ट्यावरचा अक्षता सोहळा, सात नंदीध्वजांची मिरवणूक आणि होम मैदानावरचे शोभेचे दारूकाम हे सगळे आता यूट्यूबवर आणि स्थानिक वाहिन्यांवर थेट पाहता येते. नोकरीसाठी पुण्या-मुंबईला किंवा परदेशी गेलेल्या मुलांसाठी आणि गर्दीत जाणे न झेपणाऱ्या आजी-आजोबांसाठी घरातले कोणीतरी लॅपटॉपवर त्याचे स्क्रीन रेकॉर्डिंग करून ठेवते. दुसऱ्या दिवशी ते लावले की तक्रार सुरू होते. आवाज ठीक असतो, चित्रही स्पष्ट असते, पण मानकऱ्यांनी पेललेला उंच नंदीध्वज पडद्याच्या एका बाजूकडून दुसऱ्या बाजूकडे जाताना सलग सरकत नाही, तर बारीक बारीक झटके घेत पुढे जातो. थेट पाहताना मात्र हे झटके कोणाला जाणवलेले नसतात.

अशा वेळी दोष सहसा नेटला दिला जातो, किंवा लॅपटॉप जुना झाला असे म्हटले जाते. कधीकधी ते खरेही असते. मात्र नेट चांगले आणि लॅपटॉप नवा असूनही हे झटके येतात, आणि ते ठरावीक अंतराने येत असतील तर त्यामागे बहुतेक वेळा एकच कारण असते. मूळ व्हिडिओचा फ्रेम रेट वेगळा असतो आणि रेकॉर्डर वेगळ्या आकड्यावर चाललेला असतो. रेकॉर्डरचा आकडा मोठा असण्यापेक्षा तो मूळ व्हिडिओशी जुळणारा असणे अधिक महत्त्वाचे आहे, आणि जुळवायचे तर आधी मूळ आकडा माहीत हवा. तो बहुतेक ठिकाणी एक-दोन मिनिटांत सापडतो.

फ्रेम रेट म्हणजे काय, आणि तो एकच का नाही?

व्हिडिओ ही स्थिर चित्रांची मालिका असते. त्यातील एका चित्राला फ्रेम म्हणतात आणि एका सेकंदात जितक्या फ्रेम दाखवल्या जातात त्या संख्येला फ्रेम रेट म्हणतात. जगभर सर्वांनी एकच संख्या ठरवली असती तर हा लेख लिहिण्याची गरज पडली नसती. प्रत्यक्षात मात्र या संख्या वेगवेगळ्या काळी, वेगवेगळ्या कारणांनी ठरत गेल्या.

चित्रपटाचा आकडा २४ आहे. मूकपटांच्या काळात वेग कमी-जास्त चालत असे, पण १९२० च्या दशकाच्या अखेरीस बोलपट आले आणि आवाज फिल्मच्या कडेलाच नोंदवला जाऊ लागला. वेग बदलला तर आवाजही बदलणार, म्हणून एक ठाम वेग ठरवणे भाग पडले. दूरचित्रवाणीचे आकडे विजेवरून आले. ज्या देशांत वीजपुरवठा ५० हर्ट्झचा (सेकंदाला ५० आवर्तनांचा) होता तिथे सेकंदाला २५ फ्रेम धरल्या गेल्या आणि अमेरिकेत वीज ६० हर्ट्झची असल्यामुळे ३० धरल्या गेल्या. भारतात वीज ५० हर्ट्झची आहे आणि आपल्या दूरदर्शनने २५ फ्रेमची पॅल पद्धत स्वीकारली. १९८२ साली देशात रंगीत प्रक्षेपण सुरू झाले तेही याच पद्धतीत. अमेरिकेत १९५३ साली रंगीत प्रक्षेपणाचे मानक स्वीकारताना तांत्रिक कारणासाठी ३० चा आकडा किंचित खाली आणून २९.९७ करण्यात आला. त्याच हिशेबाने तिथल्या दूरचित्रवाणीवर आणि पुढे डिजिटल माध्यमात २४ च्या जागी २३.९७६ हा विचित्र दिसणारा आकडा रूढ झाला.

मग मोबाइल आले. भारतात विकला जाणारा फोन असला तरी त्याचा कॅमेरा बहुधा ३० किंवा ६० फ्रेमवर चित्रण करतो. म्हणजे एकाच मिरवणुकीत व्यावसायिक छायाचित्रकाराचा कॅमेरा २५ किंवा ५० वर चालू असतो, शेजारी उभ्या असलेल्या तरुणाचा फोन ३० वर असतो आणि दोघांचेही प्रक्षेपण त्याच संध्याकाळी आपल्या पडद्यावर येते. वरवर पाहून त्यांतला फरक ओळखता येत नाही.

रेकॉर्ड करताना नेमके काय बिघडते?

स्क्रीन रेकॉर्डरला मूळ व्हिडिओची फाइल दिसत नाही, त्याला फक्त पडदा दिसतो. ठरलेल्या अंतराने तो पडद्याकडे पाहतो आणि त्या क्षणी जे दिसेल ते चित्र म्हणून नोंदवतो. ३० वर ठेवलेला रेकॉर्डर सेकंदात ३० वेळा पाहतो. आता मूळ व्हिडिओ २५ फ्रेमचा असेल तर त्या सेकंदात दाखवायला वेगळी चित्रे २५ च आहेत. उरलेल्या ५ वेळा त्याला आधीचेच चित्र पुन्हा मिळते. हिशेब केला तर दर पाच खऱ्या फ्रेममागे एक पुनरावृत्ती येते, म्हणजे सेकंदाला पाच बारीक अडखळी.

सोलापूरकरांना हे मागावरून लगेच समजेल. आपल्या चादरीवरची नक्षी जॅकार्डवर विणली जाते. भोके पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ वर फिरत असते आणि प्रत्येक पुठ्ठा ठरवतो की त्या वेळी ताण्याचे, म्हणजे उभे, कोणते धागे उचलायचे. आडवा धागा नेणारा धोटा एकदा गेला की बाण्याचा, म्हणजे आडवा, एक धागा पडतो आणि माळ एक पुठ्ठा पुढे सरकते. एक पुठ्ठा, एक धागा हे प्रमाण पाळले जाते म्हणून फुलाची पाकळी गोल येते. समजा, पाच पुठ्ठे सरकतात तेवढ्यात धोटा सहा वेळा धावला, तर कुठला तरी एक धागा त्याच पुठ्ठ्यावर दोनदा पडेल आणि पाकळीच्या कडेला पायरी दिसू लागेल. उलट सहा पुठ्ठे सरकले आणि धोटा पाचच वेळा धावला, तर एका पुठ्ठ्याचा धागा पडणारच नाही आणि कड तिथे तुटेल. ३० फ्रेमचा व्हिडिओ २५ वर रेकॉर्ड केला की हेच दुसरे घडते आणि दर सहापैकी एक फ्रेम कायमची गळते. मागावर असे सहसा होत नाही, कारण जॅकार्डला हालचाल मागाकडूनच मिळते आणि दोन्ही एकमेकांना बांधलेले असतात. व्हिडिओ दाखवणारा ब्राउझर आणि तो नोंदवणारा रेकॉर्डर यांना असे कोणी बांधलेले नसते. ते जुळवण्याचे काम आपल्यालाच करावे लागते.

यात पडद्याचाही एक आकडा असतो आणि तो बहुधा विसरला जातो. लॅपटॉपचा पडदा सेकंदात ठरावीक वेळा ताजा होतो, त्याला रिफ्रेश रेट म्हणतात आणि तो बहुतेक ठिकाणी ६० हर्ट्झ असतो. ६० ला ३० ने पूर्ण भाग जातो, म्हणून ३० फ्रेमच्या व्हिडिओतील प्रत्येक फ्रेम बरोबर दोन वेळा दिसते. ६० ला २५ ने मात्र पूर्ण भाग जात नाही. त्यामुळे २५ फ्रेमच्या व्हिडिओतील काही फ्रेम पडद्यावर दोन वेळा, तर काही तीन वेळा दाखवल्या जातात. ही असमानता इतकी बारीक असते की थेट पाहताना ती फारशी जाणवत नाही. रेकॉर्डिंगमध्ये मात्र तिच्यावर रेकॉर्डरची स्वतःची असमानता चढते आणि मग डोळा अडखळतो.

मूळ आकडा कुठे पाहायचा?

यूट्यूबवर पहिली खूण क्वालिटीच्या यादीतच मिळते. १०८०पी च्या पुढे ६० किंवा ५० असा आकडा जोडलेला असेल तर तो फ्रेम रेट आहे. काहीच जोडलेले नसेल तर व्हिडिओ ३० किंवा त्याहून कमी फ्रेमचा आहे एवढेच कळते. तो २४ आहे, २५ आहे की ३०, हे त्यावरून कळत नाही आणि आपल्याला नेमके तेच हवे असते.

त्यासाठी संगणकावर चालू व्हिडिओवर उजवी क्लिक करावी आणि येणाऱ्या यादीतील शेवटचा पर्याय, 'स्टॅट्स फॉर नर्ड्स', निवडावा. डाव्या वरच्या कोपऱ्यात एक काळी चौकट उघडते. तिच्यात पुष्कळ ओळी असतात, पण आपल्या कामाच्या दोनच आहेत. एका ओळीत रिझोल्यूशन लिहिलेले असते आणि त्याच्या शेवटी ॲट चिन्हानंतर एक संख्या येते. १९२० बाय १०८० नंतर ॲट २५ असे असेल तर व्हिडिओ २५ फ्रेमचा आहे. दुसऱ्या ओळीत आजवर किती फ्रेम आल्या आणि त्यांपैकी किती गळल्या याची चालू मोजणी दिसते. फोनवरील ॲपमध्येही हीच सोय आहे. ती आधी सेटिंग्जमध्ये जाऊन सुरू करावी लागते, मग व्हिडिओच्या मेनूत तिचा पर्याय दिसू लागतो.

ही दुसरी ओळ फार उपयोगाची आहे, कारण तिच्यावरून आकडा स्वतः मोजून पाहता येतो. व्हिडिओ नेहमीच्या वेगाने चालू ठेवावा, एकूण फ्रेमची संख्या लिहून घ्यावी, घड्याळ लावून बरोबर एक मिनिटाने पुन्हा लिहून घ्यावी आणि फरकाला ६० ने भागावे. समजा आधी २,३१० होत्या आणि मिनिटाने ३,८१० झाल्या, तर १,५०० भागिले ६० म्हणजे २५. वर लिहिलेला आकडा आणि मोजून आलेला आकडा जुळला की निश्चिंत व्हावे. याच ओळीत गळलेल्या फ्रेमची संख्या सतत वाढत असेल तर मात्र आपला लॅपटॉप तो व्हिडिओ दाखवतानाच दमतो आहे असे समजावे. अशा स्थितीत रेकॉर्डरच्या सेटिंगशी झटापट करण्यात अर्थ नाही. आधी क्वालिटी एक पायरी खाली आणावी आणि बाकीचे टॅब बंद करावेत.

यूट्यूबखेरीज इतर संकेतस्थळांवर अशी चौकट असेलच असे नाही. तिथे क्रोम ब्राउझरच्या डेव्हलपर टूल्समधील 'मीडिया' हा विभाग उघडून पाहावा. पानावर चालू असलेल्या व्हिडिओच्या तपशिलात अंदाजे फ्रेम रेटही नोंदवलेला असतो. प्रक्षेपणाचा थेट दुवा हाती असेल, जसा काही केबलचालक किंवा मंदिर समित्या देतात, तर तो व्हीएलसी या मोफत प्लेअरमध्ये उघडावा आणि 'टूल्स' मेनूतील 'कोडेक इन्फर्मेशन' पाहावे. तिथे फ्रेम रेट सरळ लिहिलेला असतो.

चौकट नाही, दुवाही नाही, तर काय करावे?

मग चाचणीचे रेकॉर्डिंग हाच उपाय राहतो, आणि माझ्या मते तो सर्वांत विश्वासाचा आहे, कारण त्यात कोणाच्या सांगण्यावर अवलंबून राहावे लागत नाही. लॅपटॉपचा पडदा ६० हर्ट्झवर आहे याची आधी खात्री करावी. विंडोजमध्ये सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले आणि ॲडव्हान्स्ड डिस्प्ले या वाटेने गेले की तो आकडा दिसतो. रेकॉर्डर ६० वर ठेवून दहाएक सेकंदांचा असा भाग नोंदवावा ज्यात काहीतरी सतत हलते आहे. कॅमेरा बाजूला वळतो आहे किंवा माणसे चालत जात आहेत असे दृश्य उत्तम. ती फाइल व्हीएलसीमध्ये उघडून थांबवावी आणि कीबोर्डवरील ई हे अक्षर दाबत जावे. प्रत्येक दाबाला चित्र एक फ्रेम पुढे जाते.

आता फक्त पाहायचे की चित्र किती दाबांनंतर खरोखर बदलते. प्रत्येक दाबाला बदलत असेल तर मूळ व्हिडिओ ६० फ्रेमचा. दर दोन दाबांनी बदलत असेल तर ३० चा. दोन, तीन, दोन, तीन अशी आलटून-पालटून लय असेल तर २४ चा. आणि दोन, दोन, तीन, दोन, तीन अशी लय येऊन बारा दाबांत पाचच वेगळी चित्रे मिळत असतील तर तो २५ चा. नंदीध्वजाच्या टोकाकडे किंवा एखाद्या चालणाऱ्या माणसाच्या पायाकडे लक्ष ठेवले तर ही लय काही क्षणांतच सापडते. एखादा दाब इकडेतिकडे झाला तरी बिघडत नाही, कारण लय पुन्हा पुन्हा येत राहते.

लिहिलेला आकडा खरा असतो का?

नेहमी नाही. २५ फ्रेमच्या कॅमेऱ्याने चित्रण झाले, पण प्रक्षेपण करणाऱ्याने आपल्या संगणकावर ३० चा पर्याय तसाच राहू दिला, तर अडखळ प्रक्षेपणातच मिसळलेली असते. यूट्यूबची चौकट ३० दाखवते आणि ते चूकही नसते, कारण फाइल खरोखर ३० ची आहे. फक्त तिच्यातील दर सहावी फ्रेम आधीच्या फ्रेमची नक्कल असते. चाचणीचे रेकॉर्डिंग एक एक फ्रेम पुढे नेऊन पाहिले की हे उघड होते. असे प्रक्षेपण आपण कितीही काळजीने नोंदवले तरी ते मुळापेक्षा गुळगुळीत होणार नाही. प्रक्षेपण करणारे ओळखीचे असतील तर त्यांना कॅमेऱ्याचा आणि प्रक्षेपणाचा आकडा एकच ठेवायला सांगणे, हाच खरा उपाय. गावातल्या अनेकांच्या आठवणी त्या एका सेटिंगवर अवलंबून असतात, म्हणून हे सांगण्यात संकोच करू नये.

दुसरा सापळा क्वालिटीचा आहे. यूट्यूबवर ३० पेक्षा अधिक फ्रेम केवळ ७२०पी आणि त्यावरील क्वालिटीत मिळतात. मोबाइल डेटावर चालताना 'ऑटो' पर्याय ठेवला असेल आणि मध्येच क्वालिटी ४८०पी वर उतरली, तर ६० फ्रेमचा व्हिडिओ ३० वर येतो. रेकॉर्डिंग चालू असताना मूळ आकडाच बदलला तर कोणतीही जुळणी टिकणार नाही. म्हणून रेकॉर्ड करताना क्वालिटी हाताने ठरवून द्यावी, आणि नेटला पेलेल अशीच द्यावी.

२९.९७ आणि ३० यांतल्या फरकाने मात्र घाबरून जाऊ नये. चौकटीतला आकडा पूर्णांकात असतो, त्यामुळे २९.९७ सुद्धा तिथे ३० असाच दिसतो. दोन्हींत इतका थोडा फरक आहे की दर ३३ सेकंदांनी एखादी फ्रेम दोनदा येते. २३.९७६ चा व्हिडिओ २४ वर नोंदवला तर साधारण ४२ सेकंदांनी एकदा असे होते. मिरवणूक पाहणाऱ्याला ते कळणार नाही. आवाज मागे-पुढे होईल अशी शंका काहींना येते, पण रेकॉर्डर आवाज आणि चित्र दोन्ही वेळेवर नोंदवतो, त्यामुळे एका फ्रेमच्या पुनरावृत्तीने आवाज सरकत नाही. नेमका आकडा हवाच असेल तर वर सांगितलेली मोजणी दहा मिनिटे करावी. ३० चा व्हिडिओ असेल तर १८,००० फ्रेम होतात आणि २९.९७ चा असेल तर १७,९८२.

आकडा कळला, आता रेकॉर्डर कशावर ठेवावा?

ओबीएस स्टुडिओ हे मोफत सॉफ्टवेअर बहुतेकांच्या उपयोगाचे आहे. त्याच्या सेटिंग्जमधील 'व्हिडिओ' विभागात फ्रेम रेटची यादी मिळते आणि आपण काही बदलले नसेल तर ती ३० वर असते. भारतात २५ फ्रेमचे साहित्य इतके असताना सर्वांत जास्त रेकॉर्डिंग्ज इथेच बिघडतात.

मूळ व्हिडिओ ३० चा असेल तर रेकॉर्डर ३० वर राहू द्यावा. ६० चा असेल आणि लॅपटॉप दमदार असेल तर ६० ठेवावा. नसेल तर ३० ठेवावा, कारण बरोबर निम्म्यावर आणले की एक सोडून एक फ्रेम जाते आणि हालचाल समान राहते. हाच न्याय ५० आणि २५ ला लागू होतो. ६० चा व्हिडिओ ५० वर किंवा ५० चा ३० वर नोंदवण्याचा मोह मात्र टाळावा.

२५ च्या व्हिडिओची गोष्ट थोडी नाजूक आहे, कारण मध्ये ६० हर्ट्झचा पडदा येतो. रेकॉर्डर दर ४० मिलिसेकंदांनी पाहतो, तर पडद्यावरची फ्रेम कधी ३३ तर कधी ५० मिलिसेकंद टिकते. रेकॉर्डिंग सुरू करण्याचा क्षण सोयीचा पडला तर प्रत्येक फ्रेम एकेकदाच पकडली जाते. तो गैरसोयीचा पडला तर लांब टिकलेली फ्रेम दोनदा नोंदवली जाते आणि तिच्या शेजारची आखूड टिकलेली निसटते. हिशेब मांडला तर तीनपैकी दोन वेळा सुरुवात सोयीची पडावी असे येते. म्हणून २५ वर रेकॉर्डिंग करताना आधी काही सेकंदांची चाचणी घ्यावी, ती एक एक फ्रेम तपासावी आणि पुनरावृत्ती दिसली तर रेकॉर्डिंग बंद करून पुन्हा सुरू करावे. खऱ्या रेकॉर्डिंगच्या आरंभीही एवढे करायला हवे, कारण चाचणीतला सोयीचा क्षण पुढच्या वेळी तसाच येईल याची खात्री नसते. लॅपटॉपला झेपत असेल तर रेकॉर्डर ५० वर ठेवणे अधिक सुरक्षित आहे. तेव्हा तो दर २० मिलिसेकंदांनी पाहतो आणि कोणतीही फ्रेम ३३ पेक्षा कमी टिकत नसल्यामुळे एकही निसटत नाही.

सर्वांत चांगला उपाय पडद्याचाच आकडा बदलण्याचा आहे. लॅपटॉपच्या स्वतःच्या पडद्यावर ५० हर्ट्झचा पर्याय क्वचित मिळतो, पण घरातला टीव्ही एचडीएमआय केबलने जोडला तर तो पर्याय बहुधा यादीत दिसतो. टीव्ही ५० हर्ट्झवर ठेवून त्याच्यावर व्हिडिओ चालवला की प्रत्येक फ्रेम बरोबर दोनदा दिसते आणि वरचा सगळा नाजूकपणा संपतो. यात्रेचे प्रक्षेपण तासन् तास नोंदवायचे असेल तर एवढी केबल जोडण्याचा त्रास घेण्यासारखा आहे.

सरळ ६० वर ठेवले तर सगळेच येणार नाही का?

हा प्रश्न नेहमी विचारला जातो आणि तो रास्त आहे. ६० हर्ट्झच्या पडद्यावर ६० चे रेकॉर्डिंग केले तर पडद्यावर आलेली प्रत्येक फ्रेम त्यात येईल, हे खरे. मात्र त्यासाठी लॅपटॉपला सेकंदात ६० चित्रे घेऊन ती आवळून साठवावी लागतात आणि त्याच वेळी व्हिडिओही चालवावा लागतो. साध्या लॅपटॉपला हे दोन्ही जमत नाही आणि तो अधूनमधून फ्रेम टाकून देऊ लागतो. त्या गळतीला कोणतीही लय नसते, त्यामुळे ती ठरावीक अडखळीपेक्षा अधिक खुपते. ओबीएसच्या 'स्टॅट्स' खिडकीत रेंडरिंगमुळे (चित्र तयार करताना) आणि एन्कोडिंगमुळे (ते आवळून साठवताना) किती फ्रेम चुकल्या हे वेगवेगळे दिसते. दोन्ही संख्या शून्याजवळ राहत असतील तर ६० ठेवायला हरकत नाही. त्या वाढत असतील तर मूळ आकड्यावर उतरावे.

काहींचे म्हणणे असते की एवढा बारीक फरक डोळ्याला कळत नाही. कशाचे रेकॉर्डिंग आहे यावर ते अवलंबून आहे. शिक्षकांचा ऑनलाइन तास असेल आणि पडद्यावर बहुतेक वेळ एकच स्लाइड असेल, तर फ्रेम रेटचा विचारही करण्याची गरज नाही. १५ वर ठेवले तरी चालेल आणि फाइलही लहान होईल. मात्र नंदीध्वजांची मिरवणूक, लेझीम, कबड्डीचा सामना किंवा आकाशात झेपावणारे दारूकाम यांत हालचाल हेच सगळे काही आहे. तिथे फरक दिसतो, आणि मोठ्या टीव्हीवर तो अधिकच दिसतो.

फोनवरून रेकॉर्ड केले तर?

अँड्रॉइडमध्ये ११ व्या आवृत्तीपासून आणि आयफोनमध्ये आयओएस ११ पासून स्क्रीन रेकॉर्डर आतच मिळतो, त्यामुळे बहुतेक जण तोच वापरतात. त्याची अडचण अशी की त्याचा फ्रेम रेट बहुधा स्थिर नसतो. पडद्यावर बदल कमी असेल तेव्हा तो कमी फ्रेम नोंदवतो आणि जास्त असेल तेव्हा जास्त. पाहण्यापुरते हे चालून जाते, पण तीच फाइल पुढे एडिटिंगसाठी घेतली की चित्र आणि आवाज यांची फारकत होऊ शकते. त्यावर इलाज म्हणजे हँडब्रेक या मोफत सॉफ्टवेअरमध्ये फाइल उघडून मूळ व्हिडिओचा फ्रेम रेट निवडणे, 'कॉन्स्टंट फ्रेमरेट' हा पर्याय लावणे आणि नवी फाइल तयार करून मगच तिच्यावर काम करणे.

काही ठिकाणी काळा पडदा का येतो?

नेटफ्लिक्ससारख्या सेवांवर रेकॉर्डिंग केले की आवाज येतो आणि चित्राच्या जागी काळे दिसते. त्याचा फ्रेम रेटशी संबंध नाही. त्या सेवांनी आपल्या साहित्याला लावलेले ते कुलूप आहे. स्वामित्वहक्क कायदा १९५७ चा आहे. त्यात २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५ए आले आणि हक्कभंगाच्या हेतूने असे कुलूप तोडणे हा गुन्हा ठरला. म्हणून तो काळा पडदा दूर करण्याच्या युक्त्या इथे दिलेल्या नाहीत. खासगी वापर, अभ्यास किंवा समीक्षा यांसाठी कलम ५२ मध्ये काही मोकळीक आहे, पण नोंदवलेला सोहळा आपल्या वाहिनीवर पुन्हा टाकणे त्यात बसत नाही. त्यासाठी प्रक्षेपण करणाऱ्यांची परवानगी घ्यावी लागते.

परवानगी मागायला जाणारच असाल तर त्याच वेळी मूळ फाइलही मागावी. स्क्रीन रेकॉर्डिंग कितीही काळजीपूर्वक केले तरी ती नकलेची नक्कल असते. प्रक्षेपण करणाऱ्याच्या संगणकावर मात्र बहुधा पूर्ण दर्जाची फाइल पडून असते आणि सोलापुरात अशी मागणी सहसा कोणी नाकारत नाही. ती व्हॉट्सॲपवर घ्यायची असेल तर व्हिडिओ म्हणून न पाठवता डॉक्युमेंट म्हणून पाठवायला सांगावे. व्हिडिओ म्हणून पाठवली की ती पुन्हा आवळली जाते. डॉक्युमेंट म्हणून २ जीबीपर्यंतची फाइल आहे तशीच पोहोचते. त्याहून मोठी असेल तर पेनड्राइव्ह घेऊन स्वतः जावे.